बांधणीत आहे

आमच्या शाखेत 'शांतता राखा' ही पाटी नेमकी माझ्या डोक्यावर लावलेली आहे. तिच्याखाली बसून मी दिवसभर बडबड करते. पाच वर्षांत यावर कोणी ब्र काढला नव्हता... तो आला त्या दिवसापर्यंत.

दुपारचे अडीच वाजले असतील. सकाळपासून पावसाची भुरभुर चालली होती, धड पडतही नव्हता आणि थांबतही नव्हता. अशा दुपारी आमचं वाचनालय पेंगतं. आहेत दोनच खोल्या. पुढच्या खोलीत वर्तमानपत्रांचं लांब टेबल आणि मी, मागच्या खोलीत कपाटं. शेजारी बेकरी आहे. दुपारी तिची भट्टी पेटली की मधल्या भिंतीला टेकलेलं प्रवासवर्णनांचं कपाट हळूहळू कोमट होतं, आणि त्यातलं कुठलंही पुस्तक उघडा, पानांना ताज्या पावाचा वास येतो. त्या कपाटापाशी उभं राहून मी किती देश मनातल्या मनात फिरून आलेय, ते माझं मलाच माहीत.

त्या दुपारी पोस्टमास्तर आजोबा वर्तमानपत्र तोंडावर धरून डुलक्या घेत होते. त्यांना पोस्टातून निवृत्त होऊन बारा वर्षं झाली, पण नाव काही निवृत्त झालं नाही. मी स्टुलावर चढून चुकीच्या फळीवर गेलेली पुस्तकं काढत होते आणि सवयीप्रमाणे त्यांना रागवत होते.

"तू इथं कसा आलास रे? तुझं घर कुठं, तू बसलायस कुठं?"

"मला म्हणालात?" खालून आवाज आला.

दारात एकजण उभा होता. केसांतून पाणी निथळत होतं, शर्ट अंगाला चिकटला होता, आणि छातीशी घट्ट धरलेली एक घडी घातलेली ताडपत्री... कोरडी ठणठणीत.

"अहो, ताडपत्री हातात असताना भिजलात कशाला? डोक्यावर घ्यायची ना!"

"ती पुस्तकांसाठी आहे," तो म्हणाला. इतक्या साधेपणानं म्हणाला, की मी पुढं काय बोलणार होते तेच विसरले. स्टुलावरून मी पडले नाही. जिथं पडायचं तिथं मात्र पडले असावे, पण ते कळायला दोन महिने गेले.

मी खाली उतरून माझ्या टेबलाशी आले आणि सभासदत्वाचा फॉर्म पुढं केला. "हा भरा. खाली ओळख देणाऱ्याची सही लागते, आणि त्यांचं तुमचं नातं काय तेही लिहायचं. एक रकाना रिकामा राहिला तरी आमच्या बाई फॉर्म घेत नाहीत."

"मी वाचायला नाही आलो. पुस्तकं न्यायला आलोय."

"न्यायची असली तरी सभासद व्हावं लागतं."

"फाटकी न्यायला पण?"

तेव्हा कुठं माझ्या डोक्यात प्रकाश पडला. आमचे जुने बाइंडर म्हणजे त्याचे मामा. त्यांचे डोळे अधू झाले होते आणि यापुढं एक गुरुवार सोडून दर दुसऱ्या गुरुवारी भाचा येणार होता. मी सॉरी म्हणणार, एवढ्यात त्याची नजर माझ्या डोक्यावर गेली.

"तुमचं नाव शांतता का?"

"काय?"

"नाही... पाटी लावलीय, म्हणून विचारलं."

वर्तमानपत्रामागून पोस्टमास्तर आजोबा खो खो हसले. म्हणजे झोपले नव्हते तर! त्या दिवसापासून मी त्याच्यासाठी 'शांतताबाई' झाले, आणि आजोबांनी त्याचं बारसं केलं 'सुईदोरा'.

*

बांधणीला जाणाऱ्या प्रत्येक पुस्तकात आमच्याकडं एक चिठ्ठी ठेवतात. डावीकडं 'दोष', उजवीकडं 'दुरुस्ती'. डावी बाजू मी भरायची, उजवी बाइंडरनं. मामांच्या काळात उजवीकडं फक्त एक बरोबरची खूण असायची. पहिल्या गठ्ठ्यात मी आपलं सहज लिहिलं होतं, 'पाठ मोडली आहे. वाचक पुस्तक पालथं घालून झोपतात.' चिठ्ठी परत आली तेव्हा उजवीकडं बारीक, सुबक अक्षरात लिहिलं होतं, 'पाठ बसवली. वाचकाला उशी द्यावी.'

मी ती चिठ्ठी तीनदा वाचली. मग बाईंनी हात पुढं केला.

बाई म्हणजे आमच्या ग्रंथपाल. तीस वर्षांची नोकरी, गळ्यात दोरी लावलेला चष्मा, आणि टेबलावर कागदाला भोकं पाडायचं एक लोखंडी यंत्र. शाखेतला कुठलाही कागद शेवटी त्या यंत्राखाली जातो.

"बाई, ही राहू दे ना माझ्याकडं."

"कार्यालयीन कागद आहे," बाई म्हणाल्या, आणि खट्! उशीच्या बरोबर मधोमध भोक पडलं.

पण मला चटक लागली ती लागलीच. पुढच्या खेपेला मी लिहिलं, 'पान ८८ वर चहा सांडला आहे.' उत्तर आलं, 'डाग जात नाही. लोक पुस्तकाला चहा पाजतात, बाइंडरला कोणी विचारत नाही.' त्या गुरुवारी मी थर्मासमध्ये दोन कप चहा आणला. पिता पिता त्याचे कान लाल झाले. त्याचे कान फार लवकर लाल व्हायचे, आणि मला ते बघायला फार आवडायचं.

मग एका जुन्या कादंबरीची शेवटची चार पानं गेलेली निघाली. मी लिहिलं, 'शेवट हरवला आहे. नायिकेचं काय झालं कळत नाही.'

ती परत आली तेव्हा शेवटी चार कोरी पानं शिवलेली होती. चिठ्ठीवर एवढंच होतं, 'तुम्ही लिहा.'

"लिहिलीत का पानं?" पुढच्या खेपेला त्यानं हळूच विचारलं.

"विचार चाललाय..."

"चालू दे. घाई नको. खळ लावल्यावर वाळायला वेळ द्यावा लागतो. घाई केली की नको ती पानं चिकटतात."

"आणि फारच वेळ लावला तर?"

"तर मुंग्या लागतात," तो गंभीरपणे म्हणाला, आणि मला इतकं हसू आलं की बाईंनी आतून पाटीची आठवण करून दिली.

पण खरी गंमत गठ्ठा बांधताना असायची. पुस्तकं ताडपत्रीत गुंडाळून तो सुतळी आवळायचा, आणि गाठ मारताना पहिला वेढा सैल पडू नये म्हणून कोणीतरी त्यावर बोट ठेवावं लागायचं. ते बोट माझं असायचं. मी बोट ठेवायची, तो खाली मान घालून सुतळी ओढायचा. त्याच्या हातांना खळीचा आणि नव्या कापडाचा वास यायचा. भिंतीपलीकडं भट्टी धगधगत असायची, खिडकीतून येणाऱ्या उन्हात धुळीचे कण तरंगत असायचे... आणि मला वाटायचं, या गाठीला आज जरा उशीर व्हावा.

"बोट काढा आता."

"हो, काढते."

"...अजून काढलं नाहीत."

घरी आई म्हणायची, "बरी गुरुवारीच इस्त्री आठवते गं तुला! एरवी लायब्ररीत बसून बसून जुन्या कागदासारखी पिवळी पडत चाललीस." मी आपली आरशाकडं तोंड फिरवायची.

मधल्या गुरुवारी तो यायचा नाही. त्या दिवशी मी दारावर पावलं वाजली की मान वर करायची. एकदा पोस्टमास्तर आजोबांनी काहीतरी पुस्तक मागितलं. मी रजिस्टर न बघताच म्हटलं, "हरवलंय."

"हरवलेलं नाही, बांधणीत आहे," आतून बाईंचा आवाज आला. मग त्या चष्मा काढून बाहेर आल्या. "दोन्हींत फरक असतो, अगं. हरवलेल्याला शोधायचं असतं. बांधणीतल्याची वाट बघायची. ते येतं."

*

आलं मात्र भलतंच. एका सोमवारी मुख्य ग्रंथालयाचं पत्र आलं. फाटलेली पुस्तकं यापुढं बांधणीला न देता रद्द करावीत, असा हुकूम. बाईंनी तो दोनदा वाचला, चष्मा पुसला, तिसऱ्यांदा वाचला, आणि भोकं पाडून फाइलला लावला. मामांना त्यांनीच फोन करून सांगितलं. मला म्हणाल्या, "शेवटचा गठ्ठा काढून ठेव."

म्हणजे बांधणी बंद. बांधणी बंद म्हणजे गुरुवार बंद. तो काही आमचा वाचक नाही, नातलग नाही. कुठल्या निमित्तानं तो येणार? आणि मी तरी कुठल्या तोंडानं बोलावणार? एवढी बडबडी मी, पण ते एक वाक्य काही तोंडातून निघेना.

बुधवारी मी बावीस फाटकी पुस्तकं काढली आणि बावीस चिठ्ठ्या लिहिल्या. गंमत सुचत नव्हती. 'पान सुटं.' 'पुठ्ठा गेला.' 'टाके तुटले.' बस. मग मी मधमाश्यांवरचं एक पुस्तक काढलं. धडधाकट होतं, कारण अकरा वर्षांत ते कोणी नेलंच नव्हतं. त्यात मी तेविसावी चिठ्ठी ठेवली. डावीकडं लिहिलं:

'पुस्तकाला काहीही झालेलं नाही. जे झालंय ते चिठ्ठी लिहिणारीला. गुरुवार नसला की करमत नाही. यावर काही दुरुस्ती आहे का?'

गुरुवारी तो आला. चहा तसाच निवत राहिला.

"बहिणीच्या गावी छापखाना आहे," गठ्ठा गुंडाळता गुंडाळता तो म्हणाला. "मेहुणे कधीपासून बोलावतायत. इथून आठ तास बसनं. मी जात नव्हतो."

"मग... आता?"

"आता..." त्यानं सुतळी हातात घेतली. "बोट ठेवा."

मी बोट ठेवलं. 'जाऊ नका' हे शब्द अगदी ओठांवर आले होते. पण म्हटलं, कशाला? गठ्ठ्यात आहेच की. घरी जाऊन वाचेल. आणि मी बोट काढलं... पहिल्यांदाच, त्यानं सांगायच्या आधी.

*

गठ्ठा पुढच्याच गुरुवारी परत आला. बाईंनी पुस्तकं मोजून घेतली. बावीस चिठ्ठ्यांवर एकेक बरोबरची खूण होती, मामांच्या काळासारखी. सगळ्यात खाली मधमाश्या. पाठीवर नवं निळं कापड चढवलेलं, सुरेख. मी पानं उलटली. पुन्हा उलटली. पुस्तक उलटं धरून झटकलं.

चिठ्ठी नव्हती.

"झालं सगळं?" मी विचारलं. माझा आवाज मलाच परका वाटला.

"झालं." तो माझ्याकडं बघत थांबला. "तुमचं?"

"माझंही."

त्यानं ताडपत्रीची घडी घातली आणि माझ्या टेबलावर ठेवली. "राहू दे इथंच. छत गळलं तर पुस्तकांवर घाला. सोमवारी निघतोय मी."

माणूस घराबाहेर पडताना 'येतो' म्हणतो. जायचं असलं तरी येतोच म्हणतो. तोही आजवर प्रत्येक वेळी 'येतो' म्हणूनच गेला होता. त्या दिवशी उंबऱ्यात थांबून तो म्हणाला,

"जातो."

मी प्रवासवर्णनांच्या कपाटाआड गेले आणि कोमट पुस्तकांना डोकं टेकवून रडले. त्यानं वाचलं होतं, आणि चिठ्ठी ठेवून घेऊन काही न बोलता गेला होता. याहून स्पष्ट उत्तर काय असतं?

शुक्रवारी सकाळी बाईंनी मला समोर बसवलं. टेबलावर बांधणीची फाइल उघडी होती.

"तेवीस पुस्तकं गेली, तेवीस आली. चिठ्ठ्या बावीस."

"हरवली असेल, बाई."

"कार्यालयीन कागद हरवत नाही, गहाळ होतो. आणि गहाळ झाला की खुलासा लागतो." त्यांनी कागद ओढला आणि लिहायला घेतलं. 'एक दुरुस्तीची चिठ्ठी कार्यालयास परत मिळालेली नाही. उद्या, शनिवारी, समक्ष येऊन खुलासा करावा.' सही, शिक्का.

"बाई, कशाला उगाच..." मी कागदावर हात ठेवला. "शेवटचाच तर गठ्ठा होता!"

"तीस वर्षांत माझा एक कागद कमी पडलेला नाही."

पत्र द्यायला पोस्टमास्तर आजोबा निघाले. बारा वर्षांनी पहिल्यांदा त्यांनी वर्तमानपत्र अर्धवट सोडलं. पत्र खिशात ठेवून ते ताठ मानेनं रस्त्याला लागले.

*

शनिवारी दुपारी तो आला. पुन्हा भुरभुर होती, पुन्हा भिजलेला होता. ताडपत्री तर माझ्याकडं होती.

"मधमाश्यांच्या पुस्तकात चिठ्ठी नव्हती, बाई," तो म्हणाला. "मला वाटलं, घालायची राहिली. पण ते पुस्तक मी केलंच नाही. शेवटचा गठ्ठा म्हणून मामा स्वतः बसले होते. दिसत नाही, पण हाताला आलेलं पुस्तक सोडवत नाही त्यांना. धडधाकट होतं तरी पाठ उसवून नवी घातली. आणि मामा..." तो एकदम थांबला.

"मामा काय?" बाईंनी विचारलं.

"मामा कागद टाकत नाहीत. हाताला लागेल तो कागद कापडाखाली पाठीला चिकटवतात. अस्तर म्हणून."

म्हणजे त्यानं वाचलीच नव्हती! ती दोन दिवस माझ्या डोळ्यांसमोर, निळ्या कापडाच्या आत, खळ लावून...

"उघडा," बाई म्हणाल्या.

"नको!" मी पुस्तक छातीशी धरलं. "बाई, राहू दे ना! मधमाश्यांचं पुस्तक कोण वाचतं!"

"कोणी वाचत नाही, तर तू एवढी का घाबरतेस?"

तो माझ्याकडं बघत होता. मी त्याच्याकडं बघितलं... आणि सोमवारची बस आठवली. मी पुस्तक टेबलावर ठेवलं.

त्यानं खिशातून पातळ पातं काढलं, कापडाची कड उचलली, ओल्या फडक्यानं पाठ ओलावली. आम्ही तिघं आणि वर्तमानपत्राआडचे आजोबा, कोणीच बोलत नव्हतो. पाटीखाली एवढी शांतता पहिल्यांदाच पडली असेल. मग त्यानं नखानं हळूहळू, एक कोपरा, दुसरा कोपरा असं करत चिठ्ठी सोडवली. शाई थोडी पसरली होती. अक्षरं वाचता येत होती.

त्यानं वाचलं. पुन्हा वाचलं. कान लाल झाले, मग मान, मग सगळा चेहरा.

"बावीस चिठ्ठ्या इतक्या कोरड्या होत्या," तो कसाबसा म्हणाला, "मला वाटलं... तुमचं संपलं."

"सगळी शाई या एकीतच गेली," मी म्हटलं.

त्यानं माझ्या टेबलावरचं पेन उचललं. चिठ्ठी अजून ओली होती, म्हणून अगदी हलक्या हातानं उजव्या रकान्यात लिहिलं आणि माझ्यापुढं सरकवली.

'याला आमच्याकडं दुरुस्ती नाही. मलाही हेच झालंय.'

किती वेळ मी ते वाचत होते कोण जाणे. बाईंचा हात पुढं आला तेव्हा भानावर आले. बाईंनी चिठ्ठी चष्म्याजवळ नेली, दोन्ही रकाने नीट वाचले, आणि यंत्राखाली धरली. मी डोळे मिटून घेतले. पण खट् झालंच नाही.

"ओली आहे," बाई म्हणाल्या. "वाळू दे आधी. तुझ्याकडंच ठेव."

"आणि... सोमवारची बस?" मी विचारलं.

"शाळांच्या वह्या आहेत, वकिलांच्या फायली आहेत. काम इथंही कमी नाही," तो म्हणाला. "राहायला कारण तेवढं नव्हतं." मग त्यानं बाईंकडं वळून अगदी अदबीनं विचारलं, "बाई, सभासद व्हायचा फॉर्म मिळेल का?"

लांब टेबलाशी बसून त्यानं फॉर्म भरला. नाव, व्यवसाय, पत्ता, इथलाच पत्ता. ओळख देणारी म्हणून सही मी केली. मग त्याचं पेन थांबलं.

"इथं 'नातं' विचारलंय," तो हळूच म्हणाला. "काय लिहू?"

"राहू दे ना सध्या रिकामं..."

"अपूर्ण फॉर्म घेतला जाणार नाही," आतून आवाज आला.

मी त्याच्या हातातून पेन घेतलं. त्याच्या बोटांना तोच खळीचा वास होता. क्षणभर विचार केला, आणि त्या रकान्यात ठळक अक्षरांत लिहिलं:

'बांधणीत आहे.'

बाईंनी फॉर्म हातात घेतला. खालपर्यंत वाचला. त्यांच्या ओठांचा कोपरा हलल्यासारखा मला वाटला, पण मी शपथ घेणार नाही. त्यांनी शिक्का शाईत बुडवला आणि धपकन मारला.

तो उठला. मी ताडपत्री त्याच्या हातात दिली आणि दम भरला, "डोक्यावर घ्यायची."

त्यानं मुकाट्यानं डोक्यावर घेतली. उंबऱ्यात थांबला, मागं वळला. गुरुवार नव्हता, हातात गठ्ठाही नव्हता.

"येतो," तो म्हणाला.